पेटीचं कपाळ

पिंगळीत कोणाकडं नवा पाहुणा आला आणि सकाळच्या पारी त्यानं पाठीला दुनळी बंदूक लावून मोटारसायकलवर चाललेला पांढऱ्या मिशांचा माणूस पाहिला, की पाहुणा हातातला चहा तसाच धरून विचारायचा, "हे कोण?" घरवाला मान वर न करता सांगायचा, "फौजी हायत. बँकेत चाललेत." पाहुण्याला वाटायचं, बँकेत लुटायलाच चालला की काय. मग सगळं घर हसायचं.

लिंबाजी फौजी. पलटणीतून पेन्शन घेऊन आले तेव्हा बरोबर एक लोखंडी ट्रंक होती आणि डावा कान तिकडंच राहिला होता. तोफखान्यात होते. तोफेजवळ उभं राहून राहून त्या कानाचा पडदा असा बसला, की त्या बाजूनं बायको कितीही बोलली तरी त्यांना ती शांतच आहे असं वाटायचं. "सरकारनं मला पेन्शन दिली, तोफेनं सुख दिलं," असं ते पारावर सांगायचे. धुरपताबाईंच्या कानावर हे गेलं होतं. तेव्हापासून महत्त्वाचं काही सांगायचं असलं की त्या उजव्या बाजूला येऊन उभ्या राहायच्या.

शेत होतं, पण शेतात फौजींचं मन रमलं नाही. ढेकळं काही सलाम ठोकत नाहीत. त्यांनी परवाना काढला, दुनळी घेतली आणि परभणीत एका बँकेच्या दाराशी राखणीला उभे राहिले. ते काम त्यांना असं मानवलं, जसं एखाद्या खांबाला छप्पर मानवतं. दारात कोणी उगाच रेंगाळला, की फौजी फक्त मिशीवरून बोट फिरवायचे. एवढ्या वर्षांत बँकेच्या दाराशी एकदाही बार काढायची वेळ आली नव्हती. "माझा दराराच तसा हाय," फौजी म्हणायचे. आणि हे ते नुसतं बोलायचे नाहीत, त्यांचा त्यावर विश्वास होता.

आधी बंदूक मधल्या घरात खुंटीला असायची. फौजी कामावरून येऊन ती खुंटीला लावायचे आणि धुरपताबाई दर शनिवारी मारुतीचा शेंदूर तेलात कालवून खुंटीखालच्या भिंतीला एक बोट लावायच्या. तिथं हळूहळू एक लाल पोपडा धरला होता. बंदूक घरातली, म्हणजे तिचंही एक ठाणं असायला पाहिजे, एवढं सरळ होतं. फौजींना ते आवडायचं. हत्याराची पूजा करणारी बायको शिपायाला कोणाला नको असते?

पुढं मुलाला मूल झालं. मुलगा परमेश्वर पुण्याकडं कारखान्यात. पोरगं रांगायला लागलं तशी सून सविता खुंटीकडं बघून धास्तावली. ती तसं बोलली नाही, पण परमेश्वर पुढच्या दिवाळीला येताना उंच, अरुंद, काळी लोखंडी पेटी घेऊन आला. कपाटासारखी उभी. पोलादी बोल्टांनी भिंतीला आवळलेली. दारावर आकड्यांची बटणं, आकडे दाबले की हिरवा दिवा लागायचा, आत कुर्रर्र व्हायचं आणि मूठ फिरायची. बंदूक आत, काडतुसं वरच्या कप्प्यात. फौजी त्या दिवशी कामावर होते. संध्याकाळी आले तर खुंटी निघालेली, भिंतीचा शेंदूर खरवडून चुना लावलेला, आणि जागेवर ही पेटी. त्यांनी पेटीभोवती एक चक्कर मारली. मग पलटणीतल्या आपल्या नंबराचे शेवटचे आकडे घातले आणि दार उघडून बघितलं. "बरी हाय," एवढंच म्हणाले. त्यांच्या तोंडून 'बरी' निघणं म्हणजे तोफांची सलामीच.

धुरपताबाईंची मात्र पंचाईत झाली. शनिवार आला. शेंदूर कालवला. लावायचा कुठं? भिंत तर झाकलेली. त्यांनी पेटी खालून वर बघितली. बटणांच्या खाली, बरोबर मध्ये, रुपयाएवढी गोल, किंचित फुगीर चकती होती. जसं काही पेटीचं कपाळच. कारखान्यानंच जागा सोडलीय म्हणायची. त्यांनी तिथं बोट टेकलं. शनिवारवर शनिवार गेले. तेल मुरलं, शेंदूर वाळला, त्यावर परत तेल, परत शेंदूर. मारुतीच्या अंगावर धरतं तसं कवच धरलं, कठीण आणि गुळगुळीत, चकतीच्या चारी अंगांनी पसरलेलं. त्याखाली चकती आहे हे दोन-तीन वर्षांनी धुरपताबाईंनाही आठवलं नसतं.

पेटीत चार पेन्सिल सेल लागायचे. दाराच्या आतल्या बाजूला त्यांचा डबा. दर दिवाळीला परमेश्वर यायचा, दार उघडायचा, जुने सेल काढून नवे घालायचा. गेल्या दिवाळीला मात्र सविताचे दिवस भरत आले होते, ते लोक आले नाहीत. सेलांचं कोणाच्या ध्यानातही राहिलं नाही.

पितृपक्ष लागला आणि पेटी बोलायला लागली.

धुरपताबाईंनी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा त्या तांदूळ निवडत होत्या. टीक. थोड्या वेळानं परत, टीक. आणि एक बारीक लाल दिवा उघडझाप. संध्याकाळी त्या फौजींच्या उजव्या बाजूला गेल्या. "अवो, पेटी बोलायलीय."

"काय म्हणती?"

"टीक-टीक करायलीय. लाल डोळा मारायलीय."

फौजींनी पेटीजवळ जाऊन कान लावला. लावला तो डावा. "काय बोलत न्हाई. तुझेच कान वाजायलेत. म्हातारी झालीस."

"म्या म्हातारी, अन् तुमी कोण, नवरदेव?" असं म्हणून त्या चुलीकडं गेल्या. आकडे दाबले की पेटी उघडत होती, तोवर फौजींना तक्रार नव्हती. दुसऱ्या आठवड्यात धुरपताबाईंनी परत सांगितलं. फौजी म्हणाले, "शेंदूर लावतीस ना, म्हणून आशीर्वाद देत आसंल." हे काही अगदीच अशक्य नाही, असं त्यांनाही आतून वाटत होतं.

नवरात्र बसलं. बँकेत नवे साहेब आले होते. स्वच्छ, तरुण, बोलायला मऊ. आठमीला संध्याकाळी त्यांनी फौजींना आत बोलावलं. "फौजी, दसऱ्याला बँक बंद आहे, पण तुमची दिवसाची ड्यूटी आहे ना?"

"हाय, साहेब."

"त्या दिवशी सिक्युरिटी एजन्सीचे लोक जागा बघायला येणार आहेत. ते म्हणतात, राखणीला आमची पोरं देतो. मी म्हटलं, आमच्याकडे स्वतःची बंदूक असलेला, पलटणीतला माणूस आहे. ते बघायलाच येतायत. बंदुकीसह हजर असा. नाहीतर मला वर काही सांगता येणार नाही."

"साहेब, लिंबाजी फौजी बंदुकीबिगर कधी दिसला का?" एवढं बोलून ते बाहेर आले. पण मोटारसायकलवर बसताना त्यांना जरा जड वाटलं. बंदुकीसह ते फौजी होते. बंदुकीशिवाय त्या दाराशी उभा असलेला, एका कानानं ऐकणारा म्हातारा कोणाला पाहिजे होता?

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी, फौजींची दर वर्षीची रजा. त्या दिवशी आपल्याकडं हत्यार धुऊन पुसून पूजेला मांडतात आणि मग दिवसभर त्याला हात लावत नाहीत. हत्याराला वर्षातून एक दिवस विसावा. धुरपताबाईंनी आदल्या दिवशीच भाजी चिरून ठेवली होती. ओसरीत घोंगडी अंथरली. विळे, खुरपी, कुऱ्हाड, पहार, फौजींचा पाना-पेचकसाचा डबा, सगळं ओळीनं. मोटारसायकलच्या हँडलला झेंडू. मधली जागा बंदुकीची, ती रिकामी. फौजी अंघोळ करून, धोतर नेसून पेटीपुढं आले. आकडे दाबले.

काही झालं नाही.

परत दाबले. दिवा लागला नाही, ना हिरवा ना लाल. मूठ हलली नाही. त्यांनी बोट पुसून परत दाबले. मग हाताची मूठ करून दारावर एक ठोसा दिला.

"मारता कामून तिला?" धुरपताबाई मागून म्हणाल्या. "इतके दिस बोलत व्हती तवा ऐकलं न्हाई. आता काल रातीपास्नं गप हाय."

"मग रातीच कामून सांगितलं न्हाई?"

"काय सांगू? पेटी बोलत न्हाई म्हणून? तुमी म्हणलं असतं, बरं झालं."

पूजा बंदुकीविना झाली. मधल्या जागेवर धुरपताबाईंनी सुपारी ठेवली. नारळ फुटला, पण फौजींचं ध्यान त्यात नव्हतं. उद्या सकाळी बँकेचं दार, आणि दाराशी बघायला आलेले एजन्सीचे लोक.

ते तसेच नागनाथच्या दुकानावर गेले. नागनाथ गावातला वेल्डिंगवाला. दुकानात अगरबत्तीचा वास, आणि त्याचं कटर, ग्राइंडर, हातोडे सगळे हळदीकुंकवात न्हालेले. फौजींनी हकीकत सांगितली.

"फौजी, आज?" नागनाथ हसला. "आज माझे सगळे नोकर सुट्टीवर हायत. बघा की, कसे हार घालून बसलेत."

"एक ग्राइंडर उठव. देवाला म्या सांगतो."

"देवाचं सोडा. पेटीत काडतुसं हायत का?"

"हायत."

"मग खंडेनवमी नसती तरी म्या हात लावला नसता. ठिणगी आत गेली अन् तुमच्या घरातून बार निघाला, तर गाव म्हणंल, नागनाथनं फौजीला उडवलं. एवढं मोठं नाव मला नको." मग तो गंभीर झाला. "आसल्या पेटीला किल्ली आसती. सेल संपले तर काय, म्हणून देतात. किल्ली हाय का?"

किल्ली होती. देव्हाऱ्यात, काळ्या दोऱ्यात ओवलेली, खंडोबाच्या टाकाशेजारी. पेटीबरोबर आली तेव्हाच धुरपताबाईंनी ती तिथं ठेवली होती. फौजी घरी आले, किल्ली काढली आणि पेटीपुढं उभे राहिले. किल्ली हातात, पण भोक कुठंय? दार चाचपलं. बाजू चाचपल्या. जमिनीवर आडवे होऊन टॉर्चनं खाली बघितलं. किल्ली घालायला काडीएवढी जागा नाही.

त्यांनी परमेश्वरला फोन लावला. उजव्या कानाला.

"परम्या, तुझ्या पेटीला भोक न्हाई."

"आबा, राम राम तरी घ्या."

"राम राम. भोक न्हाई."

"आसंल की. बटणांच्या खाली गोल झाकण हाय. ते नखानं बाजूला सरकवायचं. त्याच्या मागं किल्ली लागती."

"झाकणबिकण काय न्हाई. दुकानदारानं तुला दुसऱ्याचीच किल्ली बांधून दिली. तू मोजून बघतोस का कधी काय घेताना?"

"आबा, म्याच बसवलीय पेटी. झाकण हाय. व्हिडिओ कॉल लावा, दाखवा मला."

धुरपताबाईंनी फोन धरला. पेटी दिसली, बटणं दिसली. तिकडून परमेश्वर म्हणाला, "खाली घे माय. आजून. थांब. ते लाल काय हाय?"

फोनमध्ये मागून सविताचं हसू ऐकू आलं, लगेच दाबलेलं.

"शेंदूर हाय," धुरपताबाई म्हणाल्या.

"माय, ते झाकण हाय."

"ते कपाळ हाय," त्या म्हणाल्या, आणि फोन फौजींच्या हातात दिला.

फौजींनी कवचावर नख मारून बघितलं. दगड. नखच दुखलं. "पेचकस आण," ते म्हणाले.

"पेचकस पूजेत हाय."

"विळा आण."

"तोबी पूजेत हाय. अन् नसता तरी दिला नसता. देवाच्या अंगावरचं कवच विळ्यानं खरवडतेत का? मारुतीचं कवच सुटतं तवा आपल्या पायानं सुटतं."

"उद्या माझी नोकरी सुटंल आपल्या पायानं!" फौजींचा आवाज चढला. "आगं, एजन्सीवाले बघायला येणार हायत. बंदूक न्हाई म्हणल्यावर साहेब मला दारात तरी उभं करील का? तुला हौस, म्हणून तू शेंदूर फासला. हत्याराचा लय अभिमान तुला. मलाबी हाय. पण आता—"

"मला कशाचा आलाय अभिमान?"

हे त्यांनी असं शांतपणे विचारलं की फौजी थांबले. नेहमीच्या सवयीनं धुरपताबाई त्यांच्या उजव्या बाजूला उभ्या होत्या, त्यामुळं ऐकू न आल्याचं सोंगही करता आलं नाही.

"म्या बंदुकीला कधी पुजलं न्हाई," त्या म्हणाल्या. "म्या तिला झोपवत व्हते. शेंदूर लावायचा अन् म्हणायचं, बाई, ह्या आठवड्यात तू बोलू नको. कोणाला मारू नको, अन् कोणी आमच्या माणसाला मारायची पाळी आणू नको. खुंटीला व्हती तवापास्नं. दर शनवारी. आता हे कवच काढायचं म्हणजे तेवढे सगळे शनवार काढायचे. म्हणून माझा हात धजंना."

फौजींनी मिशीवर बोट नेलं आणि तसंच परत खाली आणलं. इतकी वर्षं ते पारावर सांगत आले होते की एकही बार काढायची वेळ आली नाही, दराराच तसा. आणि इथं घरात त्याचं सगळं श्रेय दर शनिवारी एका बोटानं दुसऱ्याच खात्यात जमा होत होतं.

"मला वाटलं, लोक माझ्या मिशीला भेतेत," ते म्हणाले.

"मिशीलाबी भेत आसतील," धुरपताबाई म्हणाल्या. "म्या काय बँकेत बघायला आले व्हते?"

फौजी हसले. पहिल्यांदा नाकातून, मग मोठ्यानं. त्याही पदर तोंडाला लावून हसल्या. हसणं ओसरलं तसे फौजी पाटावर टेकले. "धुरपता," ते म्हणाले. नावानं हाक मारायची त्यांची पद्धत नव्हती. "शनवार कुठं जात न्हाईत. झाले ते झाले. पण दार न्हाई उघडलं तर पुढचे शनवार कशासाठी लावशील?"

त्या स्वयंपाकघरात गेल्या. वाटीत गोडेतेल ओतून चुलीच्या कडेला धरलं, बोटाला सोसवेल एवढंच कोमट. कापसाचा बोळा केला. दिवा लावून पेटीपुढं ठेवला, हात जोडले आणि काय म्हणायचं ते मनात म्हटलं. मग बोळा तेलात बुडवून कवचावर दाबून धरला, ताप आलेल्या पोराच्या कपाळावर पट्टी धरतात तसा. बोळा गार झाला की दुसरा. पेचकस नाही, विळा नाही, चमच्याचं टोकसुद्धा नाही. फौजी वाटी धरून शेजारी बसले होते, तेल निवलं की उठून चुलीवर धरून आणत होते. तोफखान्यातला माणूस, पण त्या दिवशी त्याला फक्त तेल गरम करायचं काम होतं आणि ते त्यानं चोख केलं.

लाल तेल दारावरून ओघळून फरशीवर आलं. कवचाची कड मऊ झाली. धुरपताबाईंनी अंगठ्यानं कडेकडेनं दाबत नेलं. दिवसाचं ऊन ओसरीतून पायरीवर उतरलं तेव्हा कवच आतून हललं. त्यांनी तळहात खाली धरला आणि ते सबंध सुटून त्यांच्या हातात आलं, वाटीच्या आकाराचं, आतून अजून ओलं, केशरी. मागं चकती जशीच्या तशी, नवी कोरी, काळी. अंगठ्यानं ढकलली तर सहज बाजूला सरकली.

"बघा," त्या म्हणाल्या. "भोक."

किल्ली फिरली. फौजींनी मूठ वळवली आणि दार उघडलं. आतून बंद लोखंडाचा आणि बंदुकीच्या तेलाचा वास आला. त्यांनी बंदूक बाहेर घेतली, ती मधून दुमडून दोन्ही नळ्यांत काही नाही ना ते बघितलं आणि घोंगडीवर, सुपारी ठेवली होती त्या जागेवर आडवी ठेवली. धुरपताबाईंनी हळदीकुंकू वाहिलं. पूजा पुरी झाली, जरा उशिरा.

आता सेल. दाराच्या आतल्या डब्यात चार सेल होते, त्यातले दोन फुगून त्यांच्या टोकांना पांढरा, बुरशीसारखा खार आलेला. फौजी भिंतीवरच्या घड्याळाकडं गेले, त्यातला एक काढला. टॉर्चमधले दोन काढले. तेवढ्यात फोन वाजला.

"आबा, उघडलं का?" फौजींनी तेलाची हकीकत सांगितली. "मग ऐका. घरातले जुने सेल गोळा करून घालू नका."

फौजींनी हातातल्या सेलांकडं बघितलं. "कोण घालायलंय?"

"चारी नवे, एकाच जातीचे. डब्यात खार आला आसंल तर कोरड्या फडक्यानं पुसा. अधिक-उणे बघून बसवा. अन् दार उघडं ठेवूनच आकडे दाबून बघा. मूठ फिरवल्यावर कुलपाचे बोल्ट आत-बाहेर झाले म्हणजेच दार लावा. घाई करून लावलं अन् न्हाई उघडलं, तर परत तेल तापवत बसाल."

फौजींनी घड्याळाचा सेल गुपचूप घड्याळात परत घातला. किराणा दुकानातून चार नवे आणले, पुसून बसवले. दार उघडंच ठेवून आकडे दाबले. हिरवा दिवा लागला, कुर्रर्र झालं, मूठ फिरवली तसे बोल्ट आत-बाहेर झाले. परत दाबले, परत झाले. मग एकदा धुरपताबाईंना दाबायला लावले. त्यांनी आकडा कधी विचारला नव्हता. फौजींनी त्या दिवशी सांगितला.

दसऱ्याला सकाळी फौजी निघाले. पाठीला बंदूक, शर्टाच्या खिशात रुमालात गुंडाळलेलं कवच. परभणीच्या वाटेवर ओढ्याच्या पुलावर त्यांनी मोटारसायकल थांबवली आणि ते वाहत्या पाण्यात सोडलं. लाल वाटी थोडी तरंगली, मग कलंडून बुडाली. बँकेच्या दाराशी एजन्सीचे दोघे आले. एकानं विचारलं, "बाबा, कधी चालवलीय का ही?"

"पलटणीत तोफ चालवली," फौजी म्हणाले. "हिला चालवायची पाळी आली न्हाई."

"इतक्या वर्षांत?"

फौजींचं बोट मिशीकडं गेलं. दराऱ्याची गोष्ट ओठांवर आली होती. "घरून बंदोबस्त हाय," ते म्हणाले. साहेब आतून बघत होते. दोघंजण दाराकडं, बंदुकीकडं आणि मिशीकडं बघून आत गेले. थोड्या वेळानं साहेबांनीच चहा बाहेर पाठवला, आणि त्या वर्षी तरी दुसरा कोणी त्या दाराशी उभा राहिला नाही.

शनिवार आला. धुरपताबाई शेंदूर कालवून पेटीपुढं उभ्या राहिल्या. चकती स्वच्छ होती. त्यांनी बोट तिच्याजवळ नेलं, थांबवलं, आणि मग पेटीच्या वर, भिंतीच्या चुन्यावर टेकवलं, जिथं पूर्वी खुंटी होती त्याच्या थोडं वर. हात पोचायला त्यांना टाचा उचलाव्या लागल्या.

संध्याकाळी फौजी आले. बंदूक आत ठेवली, दार लावलं. मग धुरपताबाईंच्या जवळ येऊन, आपला उजवा कान त्यांच्याकडं करून त्यांनी विचारलं, "आज बोलली का पेटी?"

"न्हाई."

"बोलली की सांग. म्या ऐकंन."